मल्हारनगरचा रुपया : चांदीत थांबलेला काळ

ज्याच्या सान्निध्यात काळाची गती मंदावते, घड्याळे थबकतात आणि मेलेली माणसे आपले मरण विसरून वावरतात, असा एखादा दुर्मीळ धातू कल्पून त्याभोवती कथा रचण्याची हौस जगभरच्या लेखकांना आहे. आपल्याकडे परिसाची कल्पना जुनी; पण परीस लोखंडाचे सोने करतो, काळाच्या वाटेस जात नाही. रसायनशास्त्राच्या कोष्टकात असा धातू अर्थातच नाही. काळाशी ज्याचा खरोखर संबंध आला असा प्रयोगशाळेतील धातू म्हणजे शार्ल एदुआर गिल्योम याने १८९६ साली शोधलेले ‘इन्वार’ हे निकेल आणि लोखंडाचे मिश्रण. उष्णतेने ते जवळजवळ वाढत नाही, म्हणून त्याच्या लंबकाची घड्याळे अचूक चालत. गिल्योमला १९२० चे नोबेल पारितोषिक लाभले. पण हा धातू काळाचा इमानी सेवक ठरला. काळाला वाकविणारा धातू पाहावयाचा असेल, तर तो इंदूरच्या राजवाड्याला लागून असलेल्या सराफ्यात पिढ्यान्‌पिढ्या तोलला गेला आहे. तो धातू म्हणजे साधी चांदी. तिला ही शक्ती आली ती रसायनाने नव्हे, तिच्यावरील छापेने.

मल्हारनगर टांकसाळीचा, दुसऱ्या तुकोजीराव होळकरांच्या कारकिर्दीतील एक रुपया हाती घ्यावा. वजन साधारण अकरा ग्रॅम. जाड, काहीसा ओबडधोबड, हातोड्याच्या ठोक्याने पाडलेला. त्यावर किरणांनी वेढलेले सूर्याचे मुख आहे. भोवती आणि पाठीमागे फारसी अक्षरे आहेत. त्यांचा आशय असा, की ईश्वरी कृपेची छाया आणि मुहंमदी धर्माचा रक्षक असलेल्या शाह आलम बादशहाने सप्तखंडांत हे नाणे चालविले, आणि त्याच्या मंगल राज्यारोहणाच्या अमुक वर्षी ते मल्हारनगर येथे पाडले गेले. मल्हारनगर म्हणजे आपले इंदूर.

आता सनावळी पाहू. शाह आलम (दुसरा) डिसेंबर १७५९ मध्ये बादशहा झाला. १७८८ साली गुलाम कादिराने त्याचे डोळे काढले, आणि महादजी शिंद्यांनी त्या अंध बादशहास पुन्हा तख्तावर बसविले, हा इतिहास मराठी वाचकास सांगावयास नको. १९ नोव्हेंबर १८०६ रोजी तो मरण पावला. तुकोजीराव गादीवर आले १८४४ साली. म्हणजे ज्याच्या राज्यारोहणाचे वर्ष नाण्यावर मोजले जात होते, तो बादशहा तेव्हा अडतीस वर्षांपूर्वीच कबरीत गेलेला होता. त्याच्यामागून त्याचा मुलगा अकबरशहा १८३७ पर्यंत तख्तावर होता. नातू बहादूरशहा १८५७ च्या उठावानंतर पदच्युत झाला आणि १८६२ मध्ये रंगूनच्या कैदेत वारला. दिल्लीस ना तख्त उरले ना बादशहा. इंदुरात मात्र चांदीच्या पत्र्यावर आजोबा निर्वेधपणे राज्य करीतच होते.

या प्रकाराकडे पाहण्याच्या दोन रीती आपल्याकडे रूढ आहेत. एक रीत लाजेची : ज्यांचे घोडे अटकेपार गेले, त्यांनी आपल्या नावाचा रुपया का पाडू नये? दुसरी रीत कौतुकाची : पाहा, होळकरांची निष्ठा किती अढळ! मला दोन्ही अपुऱ्या वाटतात. दोघांनीही नाण्यावरील नावास भक्तीचा किंवा दास्याचा उच्चार मानले आहे. बाजारात मात्र नाव ही एक खूण असते. ती कशाची, हे समजण्यासाठी राजवाड्याच्या दिवाणखान्यातून खाली उतरून सराफाच्या गादीवर बसले पाहिजे.

मराठीत ‘नावाला बट्टा लागणे’ असा वाक्प्रचार आहे. आज आपण तो चारित्र्याविषयी वापरतो, पण बट्टा म्हणजे मुळात नाणे बदलून देताना सराफ कापून घेई ती सूट. रुपयास बट्टा लागण्याची कारणे अनेक : तो परक्या टांकसाळीचा असणे, झिजलेला असणे, कस कमी असणे. पण सर्वांत विलक्षण कारण म्हणजे त्याचे वय. बंगाल प्रांती चालू जुलूस वर्षाचा ‘सिक्का’ रुपया पूर्ण भावाने घेतला जाई. वर्ष उलटले की त्याच रुपयाला शेकडा तीन, आणि तिसऱ्या वर्षापासून शेकडा पाच इतकी घट लागे. अशा जुन्या रुपयास ‘सनात’ म्हणत. चांदी तीच, वजन तेच. फरक एवढाच, की बादशहा एका वर्षाने म्हातारा झाला. रयतेच्या गाठोड्यातील पैसा निव्वळ दिनदर्शिकेमुळे झिजत असे, आणि त्या झिजेवर सराफांच्या पेढ्या चालत.

यावर इलाज एकच होता : बादशहाला म्हातारा होऊ न देणे. ईस्ट इंडिया कंपनीने नेमके तेच केले. मुर्शिदाबादी रुपयावरील जुलूस सन १९ या आकड्यावर कायमचा थांबविण्यात आला. ते वर्ष खरे म्हणजे १७७७-७८ चे. पण १७९३ च्या कायद्याने हाच ‘उन्नीस सन सिक्का’ बंगालचा अधिकृत रुपया ठरला, आणि १८३५ पर्यंत त्यावर तेच वर्ष उमटत राहिले. फरुखाबादी रुपयावर ४५ चा आकडा गोठविला गेला, सुरती रुपयावर ४६ चा. एकाच कंपनीच्या तीन रुपयांवर एकाच बादशहाची तीन निरनिराळी वर्षे एकाच वेळी चालू होती! बट्ट्याचा प्रश्न त्यामुळे बराच आटोक्यात आला.

ही युक्ती हिंदुस्थानापुरती नव्हती. ऑस्ट्रियाची सम्राज्ञी मारिया तेरेसा १७८० मध्ये वारली, पण तांबड्या समुद्राच्या दोन्ही काठांवरील व्यापारी तिच्या मुद्रेखेरीज दुसरी चांदी घेईनात. म्हणून १७८० हेच वर्ष कोरलेली तिची नाणी पुढेही पाडली जात राहिली. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात मुंबईच्या टांकसाळीनेही ती पाडली. आणि दूर कशाला, आपली शिवराई पाहा. ‘श्री राजा शिव’ आणि ‘छत्रपति’ ही अक्षरे असलेला तांब्याचा पैसा शिवछत्रपतींच्या निर्वाणानंतर, पेशवाईअखेरपर्यंत पडत होता. अक्षरे उत्तरोत्तर बिघडत गेली, ‘दुदांडी’ म्हणून ओळखल्या जाणाऱ्या शिवराईवर मध्ये दोन आडव्या रेघा आल्या, पण नाव बदलले नाही. पुण्याची अंकुशी तर पेशवाई बुडाल्यावर इंग्रजांनीच काही वर्षे फसली सन घालून चालविली. ज्या नावावर लोकांचा विश्वास बसला, ते नाव बदलणे हे राज्यकर्त्यास परवडत नाही, मग तो राज्यकर्ता कोणीही असो.

माळव्यात तर हा विश्वास फार मोलाचा होता. शिंद्यांची उज्जैन, होळकरांचे इंदूर, प्रतापगडचा सालिमशाही रुपया, शिवाय दक्षिणेतून येणारा चांदोरी : चांदवडची ती टांकसाळही होळकरांच्याच अमलातील, नाण्यावरील तिचे नाव ‘जाफराबाद ऊर्फ चांदोर’. अफूच्या आणि कापसाच्या हंगामात हे सारे रुपये एकाच तागडीत येत. सर्वांवर शाह आलमचे नाव असल्यामुळे ‘हा चांगल्या चांदीचा रुपया आहे’ एवढे कळे, आणि कोणाचा रुपया हे कळे ते बाजूच्या बारीक चिन्हांवरून. माझ्या मते होळकरी नाण्याचे खरे वाचन या चिन्हांपासून सुरू होते. मोठी अक्षरे दिल्लीची होती. ती कोणी वाचीत नसे. चित्र मात्र निरक्षर शेतकऱ्यासही वाचता येई.

अहल्याबाईंनी (कारकीर्द १७६७ ते १७९५) महेश्वरच्या रुपयावर शिवलिंग आणि बेलाचे पान घातले. मुहंमदी धर्माच्या रक्षकाचे बिरुद आणि त्याच्या शेजारी बिल्वदल! दोन्हींना एकमेकांची अडचण झाल्याचे दिसत नाही. त्यांच्या पश्चातही ही मुद्रा चालू राहिली. मल्हारनगरच्या नाण्यावर सूर्य आला. होळकरांचे कुलदैवत खंडोबा, आणि मार्तंड म्हणजे सूर्य. राजवाड्यातील मल्हारी मार्तंडाच्या देवघरात जो पूजिला जाई, तोच सराफ्यात बादशहाच्या नावाआडून डोकावे. टांकसाळीच्या ‘मल्हारनगर’ या नावातही मल्हारराव आहेत आणि मल्हारी आहे. बादशहाचे नाव न पुसता त्याच्या जागेत आपले घर मांडणे, यात मला दास्यापेक्षा चातुर्यच अधिक दिसते.

एकदाच हा संकेत उघडपणे मोडला गेला, आणि तो मोडणारा यशवंतराव असावा हे स्वभावास धरूनच झाले. १८०४ साली दिल्लीस वेढा घालणारा, लेकला हैराण करणारा, आणि अखेर २४ डिसेंबर १८०५ रोजी राजघाटचा तह करावा लागलेला हा वीर. तहानंतर, शके १७२८ चा एक रुपया त्याने पाडला, आणि त्यावर फारसी नव्हे तर देवनागरी लिपीत संस्कृत श्लोक कोरविले. एका बाजूचा भावार्थ : इंद्रप्रस्थी राहणारा राजा भूमंडळाचा चक्रवर्ती आहे, आणि त्याच्या प्रसादाने केलेली ही मुद्रा लोकी विराजते. दुसऱ्या बाजूचा : ज्याचे चित्त लक्ष्मीकांताच्या चरणकमली भ्रमर झाले आहे, त्या यशवंताची ही मुद्रा पृथ्वीतलावर विख्यात आहे. दिल्लीचा बादशहा येथे ‘इंद्रप्रस्थस्थित’ झाला आहे. म्हणजे लाल किल्ल्यातील अंध वृद्धास कवीने एका झेपेत युधिष्ठिराच्या सिंहासनावर नेऊन बसविले! काळ वाकविणे म्हणतात ते हेच. हिजरी सन नाही, जुलूस नाही. शालिवाहनाचा शक आहे, आणि स्वतःचे नाव आहे. तरीही चक्रवर्तीचा ‘प्रसाद’ सोडलेला नाही.

शके १७२८ मार्च १८०६ च्या पाडव्यास सुरू झाला. त्याच शकात, कार्तिकात, शाह आलम वारला. बादशहाचे खरे आयुष्य संपत असताना इंदूरच्या राजाने त्याचे नाव वगळून त्याचे स्थान तेवढे ठेवले, आणि पुढे त्याच्या वंशजांनी स्थान गेल्यावर नाव तेवढे ठेवले. हा उलटा प्रवास फार बोलका आहे. यशवंतरावाचा रुपया नजराण्याच्या थाटाचा होता. बाजार त्यावर चालला नाही. सराफास श्लोक नको होता, ओळखीचा छाप हवा होता.

६ जानेवारी १८१८ च्या मंदसोरच्या तहाने होळकरांचे स्वातंत्र्य संपले आणि इंदूर राजधानी झाले. सात मजल्यांचा राजवाडा, खालचे तीन दगडी आणि वरचे चार लाकडी, हा मराठी वस्तीचा केंद्रबिंदू ठरला. त्याच्या भोवतीच्या वाड्यांतून राहणाऱ्या पोतदार, फडणीस, चिटणीस मंडळींच्या दप्तरात तेव्हा किती काळ एकत्र नांदत होते याची कल्पना आज करता येत नाही. पंचांगात शालिवाहन शक. माळव्यातील व्यापाऱ्याच्या चोपडीत विक्रम संवत. वसुलाच्या कागदात फसली. नाण्यावर हिजरी आणि जुलूस. रेसिडेन्सीच्या पत्रव्यवहारात इसवी. आणि मोडी पत्रांच्या माथ्यावर मृगनक्षत्री बदलणारा शुहूर सन, तोही अरबी शब्दांत. पानिपतचा संक्रांतीचा दिवस ‘इहिदे सितैन मया व अलफ’ या वर्षात पडतो; म्हणजे ११६१. त्यात ५९९ मिळविले की १७६० चा जून येतो, आणि तेथून पुढचा जानेवारी म्हणजे पानिपत. ज्यांच्या घरी आजे-पणज्यांचे मोडी रुमाल आहेत, त्यांनी हा हिशेब एकदा करून पाहावा. जुन्या कारकुनास तो बोटांवर येत असे.

इतक्या कालगणना वावरत असताना रुपयावरील वर्ष खरे की खोटे याची फिकीर कोणास असणार? हिजरी आणि जुलूस यांचा मेळ न बसणारी नाणी संस्थानी टांकसाळींतून सर्रास सापडतात. साच्याची एक बाजू झिजली की तेवढीच नवी कोरीत. जुन्या बाजूवरचे वर्ष तसेच राही. नाणेशास्त्राच्या अभ्यासकाचे डोके यामुळे दुखते, पण टांकसाळीच्या लोहारास ते चालत होते.

तथापि १८५७ नंतरच्या काळास हे ‘चालते’ पुरत नाही, असे मला वाटते. १ जुलै १८५७ रोजी इंदूरच्या रेसिडेन्सीवर हल्ला झाला, ड्युरंड पळाला, आणि त्यानंतर तुकोजीरावांच्या निष्ठेविषयी इंग्रजांच्या मनात संशय राहिला. पुढील काळात जयपूर, बुंदी यांसारख्या संस्थानांनी मोगली नाव काढून नाण्यावर व्हिक्टोरिया राणीचे नाव घातले. इंदूरने घातले नाही. संशयित राजाने आपले नाव घातले असते तर ती आगळीक ठरली असती. राणीचे घातले असते तर ते मनाविरुद्ध झाले असते. एका मेलेल्या, निर्वंश तख्ताच्या धन्याचे नाव मात्र कोणास दुखवीत नव्हते. हा माझा तर्क आहे; पण १८५७ आधी जे नाव केवळ बाजारी सवय होते, ते नंतर एक ढाल झाले असावे, असे तुकोजीरावांचे एकूण सावध राजकारण पाहता म्हणता येते. हेच तुकोजीराव खंडवा-इंदूर लोहमार्गासाठी सरकारला एक कोटी रुपयांचे कर्ज देतात! आगगाडीबरोबर मिनिटामिनिटाचे वेळापत्रक माळव्यात आले, आणि त्या गाडीचे तिकीट काढावयास निघालेल्या माणसाच्या कमरेच्या कशात शाह आलमचे राज्य खुळखुळत होते.

हे राज्य बुडाले ते बंडाने नव्हे, चांदीच्या भावाने. एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी जगभर चांदी घसरली. १८९३ मध्ये सरकारने आपल्या टांकसाळी खासगी चांदीस बंद केल्या, तेव्हा इंग्रजी रुपयाची किंमत त्यातील चांदीहून वर राहिली आणि संस्थानी रुपये मागे पडले. शिवाजीराव होळकरांनी (१८८६ ते १९०३) संवत १९५६ च्या, म्हणजे १८९९ च्या सुमारास, यंत्रावर पाडलेला, स्वतःच्या पगडीधारी मुखवट्याचा रुपया काढला. इंदूरच्या रुपयावर इंदूरच्या राजाचा चेहरा आला खरा, पण तोवर संस्थानी रुपयाचेच दिवस भरले होते : १९०२ मध्ये इंग्रजी रुपया संस्थानात कायदेशीर चलन झाला. पुढे १९३५ साली यशवंतराव (दुसरे) यांच्या मुखवट्याचे तांब्याचे अर्धा आणा आणि पाव आणा निघाले, तेवढेच.

राजवाड्याने यांपैकी बरेच पाहिले आणि बरेच गमावलेही. १९८४ च्या दंगलीत त्याचे लाकडी मजले जळाले, दगडाचे राहिले. नंतर त्याची डागडुजी झाली. नाण्यांना जाळपोळीचे भय नाही. त्यांना भय आहे ते मुशीचे. होळकरी रुपया आजही पुष्कळ मराठी घरांत लक्ष्मीपूजनाच्या तबकात असतो, किंवा कोणा आजेसासूच्या माळेत कडी लावून ओवलेला असतो. चांदीचा भाव चढला की असे रुपये वजनावर सराफ्यात जातात. मुशीत सर्वांत आधी नाहीसा होतो तो सन. उरते ती आजची चांदी.

म्हणून काही व्यवहाराच्या गोष्टी. हे रुपये चिंच, लिंबू किंवा रांगोळीने घासू नयेत. काळसर पडलेला थर नाण्याचे रक्षण करतो, आणि घासण्याने नेमके अंक झिजतात. नाणे कोणाकडून, कोणत्या लग्नात वा वाटणीत घरी आले, हे एका कागदावर लिहून त्याजवळ ठेवावे. ही माहिती कोणत्याही सूचीत मिळत नाही. शंभर वर्षांहून जुनी नाणी १९७२ च्या पुरावस्तू कायद्याखाली येतात, तेव्हा ती परदेशी असलेल्या मुलाबाळांकडे पाठविण्याचा विचार करू नये; पाठवावयाचे तर छायाचित्र पाठवावे.

आणि छायाचित्रे एकमेकांना अवश्य दाखवावीत, कारण या नाण्यांची घडणच तशी आहे. साचा मोठा असे आणि चांदीची चकती लहान. त्यामुळे कोणत्याही एका रुपयावर सारा मजकूर उमटत नाही. एकावर सूर्याचे अर्धे किरण आणि हिजरी सनाचे पहिले दोन अंक असतात. दुसऱ्यावर शेवटचे दोन अंक, पण बादशहाचे नाव कापलेले. तिसऱ्यावर ‘मल्हार’ येते, ‘नगर’ काठाबाहेर राहते. एकाच साच्याचे पाचसहा रुपये शेजारी मांडले, तरच तो साचा पुरता वाचता येतो. आणि असे पाचसहा रुपये बहुधा कोणत्याच एका घरी नसतात.